वाट न बघणारे भाऊजी

माझे भाऊजी, म्हणजे ताईचे यजमान, गोदीत फिटर होते. काम एकच, पण जोखमीचं. काळबुडी जहाजाचं दार बाहेरून लावायचं. हे जहाज खोल समुद्रात उतरायचं आणि जितकं खाली जाईल तितकं मागच्या काळात शिरायचं. आत बसलेली शास्त्रज्ञ मंडळी जुने समुद्र, जुने मासे बघत असायची. त्यांचे थोडे दिवस गेले की इकडे वर आपली वर्षं सरलेली. भाऊजी दाराला रबराची पट्टी बसवायचे, समोरासमोरचे बोल्ट जोडीनं आवळायचे, सगळे पुन्हा एकदा तपासायचे आणि मगच शिडीवरून उतरायचे. ज्यानं दार लावलं त्यानंच ते उघडायचं, असा त्यांचा हट्ट.

पहिल्या खऱ्या खोल बुडीला ताई स्वयंपाकीण म्हणून लागली. हौस तिचीच! "इथं तीच ती भांडी घासून जीव विटलाय, जरा जग बघून येते," म्हणाली. पण निघायच्या दिवशी शिडीपाशी तिचे पाय अडखळले. मी शेजारीच उभी होते, म्हणून छातीठोक सांगते. तिनं हळूच विचारलं, "अहो, माझी वाट बघाल ना?"

भाऊजी म्हणाले, "छे! मी कशाला बघतोय वाट?"

आता गोदीतल्या लोकांची रीत अशी, की बुडीला निघालेल्याला 'वाट बघतो' म्हणायचं नाही. म्हटलं की माणूस परत येत नाही म्हणे. तेव्हा तोंड वाकडं करून 'नाही बघणार' म्हणायचं आणि जाणाऱ्यानं ते हसून घ्यायचं. पण आम्ही बहिणी डोंगराकडच्या, आम्हाला काय कप्पाळ ठाऊक! ताईचा चेहरा खर्रकन उतरला. ती तशीच वर चढली, आणि या शहाण्यानं आपल्या हातानं दार लावलं. मला ही रीत कळली ती पुढं, गोदीतल्याच घरात सून होऊन आले तेव्हा.

मग सुरू झालं भाऊजींचं वाट न बघणं. खोलीला एकच खिडकी, ती पाण्याकडची. तिच्याकडे पाठ करून जेवायचे. धक्क्यावर बसले तरी तोंड गोदामाच्या भिंतीकडे. ताईचा विषय काढला की रेडिओ मोठा करायचे. दुसरी सोयरीक घेऊन आलेल्यांना दारातूनच वाटेला लावलं. एकदा तापानं फणफणले होते. मी पेज घेऊन गेले आणि म्हटलं, "भाऊजी, बोला की एकदा. मन हलकं होईल." तर म्हणाले, "बोलायला काय आहे? मी काही कुणासाठी थांबलो नाही. मला दुसरीकडे जायला जागा नाही, इतकंच." मला कीव आली आणि रागही आला. इतका एकटा माणूस मी दुसरा पाहिला नाही.

साहेबांनी निवृत्त केलं, तरी पाना घेऊन रोज हजर. हाकलून हाकलून कोण हाकलणार? केस पिकले, हात कापायला लागले. माझीही कवळी आली.

आणि एका सकाळी जहाज वर आलं.

बोल्ट सोडताना भाऊजींनी कुणाला जवळ येऊ दिलं नाही. दार उघडलं. ताई बाहेर आली ती जशीच्या तशी, एक केस पांढरा नाही! माझ्याकडे बघतच राहिली. "अगं, तू धाकटी ना? कशी गं झालीस ही!" म्हणाली आणि रडलीच. मग भाऊजींकडे वळून, परक्या माणसाशी बोलावं तसं म्हणाली, "बरे आहात ना? मुलंबाळं काय करतात?"

"कुणाची?"

"तुमची. दुसरा संसार थाटला असेल ना." आणि मला म्हणाली, "जहाज फक्त पाणी, शिधा भरून घेणार आणि आजच परत खाली जाणार. याहून खोल. मी पुढच्या बुडीलाही हो म्हटलंय. वर माझं आहे कोण?"

मी कडाडले, "अगं बाई, हा माणूस..." तर भाऊजींनी माझा दंड धरला. "गप्प बस! ती निघाली आहे." असा संताप आला म्हणून सांगू! या माणसाला तिनं आपल्याला विसरलेलं चालेल, पण अपशकुन चालणार नाही.

भोंगा वाजला. ताई शिडी चढू लागली. भाऊजी दार लावायला मागोमाग चढले, पाना हातात. वर पोचल्यावर ते तसेच उभे राहिले.

"अगं," ते म्हणाले, "बघत होतो वाट. रोज बघत होतो."

खालचे गोदीवाले चरकले. कुणीतरी "अरे देवा!" म्हणालं. भाऊजी थांबले नाहीत. "आताही बघेन. पण या खेपेला मी पुरणार नाही गं."

ताईनं पिशवी खाली टाकली. मला वाटलं आता गळ्यात पडेल. कसलं काय! ती ओरडली, "मग हे तेव्हा का नाही बोललात? तेव्हा बोलला असतात, तर मी गेलेच नसते हो!"

भाऊजींनी दारावर हात टेकला. मग म्हणाले, "मला वाटलं, बोललो तर तू परत यायची नाहीस."