गळ्यातली सवत

नवऱ्याचं नाव बायकोने घेऊ नये म्हणतात. मी घेते. भागोजी. हर्णेचा भागोजी तांडेल. होडी याची, जाळी याची, पण खलाशांवर कधी आवाज चढवला नाही. माझ्यावर कधी हात उगारला नाही. असा भला माणूस, आणि त्याच्याच घरात मी आठ वर्षं जळत होते. कुणावर? त्याच्या पहिल्या बायकोवर. चिमावर. ती मेली तेव्हा मी हर्णे गाव बघितलंसुद्धा नव्हतं.

मी दुसरेपणावर दिलेली. लग्नाच्या दिवशीच सासूने माझ्या गळ्यात चांदीचा टाक बांधला, त्यावर चिमाची एवढीशी मूर्ती. आमच्यात रीतच तशी. मेलेल्या सवतीला दुसरीने गळ्यात वागवायचं. सणाला आधी तिला कुंकू, मग मला. नवं लुगडं आधी तिला दाखवायचं, मग मी नेसायचं. म्हणजे जन्मभर तिचं उतरलेलंच नेसायचं की नाही? सांगा ना!

तेही सोसलं असतं. पण भागोजी जाळं शिवता शिवता मध्येच गालात हसायचा.

"कोण आठवली?" मी विचारायची.

लपवायचा नाही मेला. "चिमा. एकदा लिलावात दलाल तिच्या मापात खोट काढायला लागला, तर म्हावऱ्याची पाटी तिनं त्याच्या डोक्यावर उलटी केली. आणि वर हसते कशी! बंदरावरच्या होड्यांपर्यंत ऐकू आलं."

माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा. माझ्याकडे बघून तो कधी असा हसला नव्हता. तेवढंच मला हवं होतं. जास्त काही नाही.

मिठाच्या कायद्याची धामधूम झाली त्या साली भागोजीचा चुलतभाऊ हरिश्चंद्र मुंबईहून परत आला. तिकडे ग्रामोफोनच्या दुकानात कामाला होता. येताना स्वतः बनवलेली एक पेटी घेऊन आला. दोन पितळी वाट्या कानांवर बसवायच्या, दांडा फिरवायचा. माणसाला जे आठवेल ते डोक्यातून निघून मेणाच्या तबकडीवर उतरायचं. तबकडी परत वाजवली की परत डोक्यात. आमच्या होडीवरचा खलाशी बाळा वादळातून वाचल्यापासून पाण्याला शिवत नव्हता. हरिश्चंद्राने त्याची भीती तबकडीवर काढून घेतली, आणि दुसऱ्या दिवशी बाळा होडीवर!

मी हरिश्चंद्राला गाठलं. "चिमाला काढ आणि तिच्या जागी मला बसव."

"वयनी, भागोजीला विचारलंस?"

"तू तुझं काम कर!"

डोकेदुखीवर उपाय म्हणून भागोजीला नेलं. माझ्यावर विश्वास ठेवून बसला बिचारा. हरिश्चंद्राने तबकडी काढली. सुई तापवून जिथे जिथे चिमा होती तिथे तिथे खरवडलं, पेटीच्या कर्ण्यासमोर मला बसवून माझ्या आवाजाने त्या जागा भरल्या, आणि तबकडी परत वाजवली.

घरी येताना भागोजी मला म्हणाला, "अगो, आठवतं? दलालाच्या डोक्यावर पाटी उलटी केलीस ती?" आणि हसला. माझ्याकडे बघून! आई भवानीची शपथ, माझे पाय जमिनीवर नव्हते. चार दिवस मी नुसती मिरवले.

पाचव्या दिवशी म्हणाला, "हस ना गो तशी."

मी हसले.

"नाय. तशी नाय."

परत हसले. अगदी घसा फुटेस्तोवर. त्याने जाळं पुढे ओढलं. महिन्याभराने एका संध्याकाळी हळूच म्हणाला, "तुळसा, तू पूर्वीची राहिली नाहीस. काय झालं तुला? माझं काही चुकलं का?"

मेलेल्या चिमाला मी शिव्या तरी घालत होते. आता जिचा हेवा करायचा ती मीच, आणि तिची सर मला कधी यायची नव्हती. धावत हरिश्चंद्राकडे गेले. "चिमाला परत घाल त्याच्या डोक्यात!"

"कुठून घालू? खरवडलेलं मेण वितळवून नवी तबकडी केली."

पितृपक्षात अविधवा नवमी आली. त्या दिवशी चिमाच्या नावाचं पान वाढायचं असतं. वाढलं. भागोजीने विचारलं, "हे कुणाचं?"

"चिमाचं. माझ्या सवतीचं."

"येडी की काय तू? माझं एकच लग्न झालं!" असं म्हणून तो जेवायला बसला. ज्या बाईसाठी आठ वर्षं गालात हसला, तिला साधं ओळखलं नाही. सासू केव्हाच वारली होती. चिमासाठी रडायला आता सबंध घरात मी एकटीच.

टाक अजून गळ्यात आहे. भागोजी बंदरावर गेला की मी दार लोटते, टाक हातात घेते आणि तिला विचारते, "चिमाबाय, तू हसायचीस तरी कशी गो? मला एकदा शिकव ना."