नवरीची खिडकी

भिवंडीतल्या एका जुन्या घराच्या माडीवर, जमिनीच्या फळ्यांमध्ये, हातभर लांबरुंद चौकोनी भोक आहे. वर लाकडी झाकण. त्या भोकाविषयी मी एकदा खोटी गोष्ट सांगितली, आणि पुढे पंचवीसेक माणसांसमोर, ती मी सांगितलीच नव्हती, असंही सांगितलं. मला फार बोलायची सवय नाही. शाळेत इतकी वर्षं इतिहास शिकवला तोही पुस्तक समोर धरूनच. पण हे आता बोलायला हवं.

आमच्या शाळेत भूगोल शिकवणारी एक जण आहे. माझ्याहून सातआठ वर्षांनी लहान. श्रीवर्धनकडची कोकणी मुसलमान, लग्न होऊन भिवंडीत आली. स्टाफरूममध्ये आमच्या खुर्च्या शेजारी. माझ्या डब्यातली वालाची भाजी तिला आवडायची, तिच्या डब्यातली सांदणं मला. ती मला ताई म्हणायची, मी तिला अगंतुगं करायची. पंधरा वर्षं असंच.

एके दिवशी मधल्या सुट्टीत ती म्हणाली, "ताई, आपण दोघी मिळून लोकांना जुनी भिवंडी दाखवू या का? चालत. रविवारी सकाळी. तुम्ही इतिहास सांगा, मी रस्ता दाखवते. भूगोलवाल्यांचं काम तेवढंच."

मी हसले. म्हटलं, "भिवंडी बघायला कोण येणार गं? ट्रक मोजायला?"

पीटीचे सर लगेच म्हणाले, "मॅडम, डासपण दाखवा. तेही वारसाच आहेत आपला."

सगळे हसले. तीही हसली. पण महिन्याभरात तिने एकटीने सुरू केलं.

पहिल्या रविवारी चार माणसं आली. नंतर दहा. नंतर ठाण्याहून, दादरहून, एकदा तर पुण्याहून माणसं आली. टोप्या घालून, पाण्याच्या बाटल्या घेऊन. कुठल्याशा पेपरात फोटो आला. मुख्याध्यापकांनी प्रार्थनेनंतर तिला पुढे बोलावून गुलाबाचं फूल दिलं. नववीतल्या मुली मला म्हणाल्या, "मॅडम, त्या मॅडम हिस्ट्री काय भारी सांगतात!" आणि घरी आमच्या ह्यांनी कुणीतरी पाठवलेला तिचा व्हिडिओ जेवताना लावला. संपल्यावर परत लावला. आमच्या सगळ्या संसारात ह्यांनी माझा एक तास ऐकलेला नाही.

माझ्या पोटात दुखत होतं. दुसरा शब्द नाही. मी अंजूरची, भिवंडीला लागूनच्या गावची, म्हणजे इथली लेक. ती सून. सुनेनं पाहुण्यांना घर फिरवून दाखवावं आणि लेकीनं उंबऱ्याबाहेर चपला सांभाळत उभं राहावं, तसं मला झालं होतं. तिने मला आधी विचारलं होतं, नाही मीच म्हटलं होतं, हे मला चांगलं आठवत होतं. त्याने दुखणं कमी होत नव्हतं, उलट वाढत होतं.

अशातच एका संध्याकाळी तिने मला फोनवर फोटो पाठवला. माडीवरचं ते भोक. खाली लिहिलं होतं, "ताई, हे काय असेल? घरात कुणी नाही. घरमालकीण खाला मुलाकडे कल्याणला असतात, शेजारी किल्ली उघडून देतात पण त्यांना माहीत नाही."

मला माहीत होतं. त्या घराच्या खालच्या मजल्यावर पूर्वी लूम होते आणि माडीवर कांड्या भरायचं मशीन. कांडी म्हणजे धोट्यात बसवायची सुताची नळी. लूम चालू असेपर्यंत कांड्या संपत राहतात आणि कुणीतरी त्या भरत राहावं लागतं. भरलेल्या कांड्यांची टोपली त्या भोकातून दोरीने खाली सोडायची, रिकाम्या कांड्यांची वर ओढायची. हे मला माहीत होतं कारण ते काम त्याच माडीवर अकरा वर्षं माझ्या आईने केलं. सकाळी अंजूरहून निघायची, संध्याकाळी केसांत कापसाची पांढरी कूस घेऊन यायची. "माझ्या कांडीचा सूत तुटत न्हाय," असं ती अभिमानाने सांगायची.

मी मात्र कधी कुणाला सांगितलं नाही. कॉलेजात नाही, शाळेत नाही. स्टाफरूममध्ये आयांचा विषय निघाला की मी म्हणायची, "आई घरीच असायची."

फोटो बघून मी फोन तोंडाशी धरला आणि व्हॉइस मेसेज केला. "अगं, ती नवरीची खिडकी. पूर्वी लग्न ठरलं की नवरा मुलगा खालच्या दालनात येऊन बसायचा आणि मुलगी माडीवरून झाकण सरकवून त्याला गुपचूप बघायची. आवडला नाही तर झाकण आपटायची." हे झाकण आपटायचं मला बोलता बोलता सुचलं. मला स्वतःचंच नवल वाटलं. समोर माणूस नसलं की मलाही गोष्ट सांगता येते तर!

तिचं उत्तर आलं, "ताई!! तुम्ही खजिना आहात."

हे करताना मला नेमकं काय हवं होतं? कुणीतरी जाणता माणूस तिला भर रस्त्यात टोकेल, असं हवं होतं. पण टोकलं कुणी नाही. उलट नवरीची खिडकी त्या फेरीतली सगळ्यात लाडकी जागा झाली. तरुण जोडपी तिथे फोटो काढायची, एक वर, एक खाली. दोन वर्षं. माझ्या खोट्याचंही तिने सोनं केलं, याचाही मला हेवा वाटला.

"ताई, एकदा तरी या ना," असं ती दर महिन्याला म्हणायची. शेवटी मी गेले.

खाडीच्या बाजूने सुरुवात झाली. तिने कमरेला छोटा स्पीकर बांधला होता आणि गालाजवळ माईक. इथे गलबतं लागायची, म्हणाली, आणि आम्ही सगळे त्या काळ्या पाण्याकडे, तरंगणाऱ्या पिशव्यांकडे बघत उभे राहिलो, आणि काय सांगू, मलासुद्धा गलबत दिसलं. मग मोहल्ल्यातली घरं. लाकडी खांब, कोरलेल्या कमानी, गजांवर वाळणाऱ्या ओढण्या. रविवार असल्याने लूम चालू होते. शुक्रवार, म्हणजे लूमच्या सुट्टीचा दिवस असता, तर गल्ली गप्प असती. एका दारासमोर ती थांबली, स्पीकर बंद केला आणि म्हणाली, "आता मी बोलत नाही. भिंतीला हात लावा." सगळ्यांनी लावला. भिंत हातात थरथरत होती. मी या थरथरीवर वाढले, आणि मला कधी कुणाला भिंतीला हात लाव म्हणायचं सुचलं नाही.

एक काका माझ्या कानाशी म्हणाले, "काय बाई आहे! तुम्ही ओळखता का हिला?"

"एकाच शाळेत आहोत," मी म्हटलं. एवढंच.

मग ते घर. माडीचा जिना मी सगळ्यांच्या मागून चढले. तिने झाकण सरकवलं, गोष्ट सांगितली, झाकण आपटलंसुद्धा. लोक हसले. तेवढ्यात मघाचे काका वाकून म्हणाले, "पण मॅडम, नुसतं बघायचं होतं तर या कडेला ही खाच कशाची? घासून पडल्यासारखी वाटते."

दोरीची खाच. फळीच्या कडेला बोट बसेल एवढी खोल.

ती गोंधळली नाही. माझ्याकडे वळून हसली. "याचं उत्तर माझ्या ताई देतील. आमच्या इतिहासाच्या ताई. ही गोष्ट मुळात त्यांनीच मला दिली आहे."

सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. तिने मला मान दिला होता. "आठवत नाही, नंतर सांगते" म्हणाले असते तरी चाललं असतं. तिला बाजूला घेऊन खरं सांगता आलं असतं. पण इतक्या माणसांचे डोळे पहिल्यांदाच माझ्यावर होते आणि ते मला सोडवेनात.

"ही खिडकी नाहीच," मी म्हटलं. "इथून कांड्यांची टोपली खाली सोडायचे. ही खाच दोरीची आहे. माझी आई इथे बसून अकरा वर्षं कांड्या भरत होती."

कुणीतरी "अरे बापरे" म्हणालं. एका बाईंनी माझा हात धरला. ज्या आईला मी आयुष्यभर लपवलं तिला मी त्या दिवशी हत्यारासारखं बाहेर काढलं, आणि ते लागलंही.

"पण ताई," ती हळूच म्हणाली, "तुम्हीच तर मला…"

"मी? नाही गं. मी असं कसं सांगेन? तुझा काहीतरी गोंधळ झाला."

तिच्या हातात फोन होता. त्यात माझा आवाज होता, हे तिला माहीत होतं आणि मलाही. तिने फोनकडे बघितलं. मग तो पर्समध्ये टाकला आणि माईक सरळ करून म्हणाली, "माझीच गल्लत झाली असेल. माफ करा हां, दोन वर्षं लोकांना चुकीचं सांगत होते मी."

काका म्हणाले, "होतं असं. पण मॅडम, जरा खात्री करून सांगत जा." ती मान खाली घालून "हो" म्हणाली.

सोमवारी स्टाफरूममध्ये ती मला मॅडम म्हणाली. डबा तिने खिडकीजवळ बसून खाल्ला. भांडण नाही, बोलणं नाही, "मॅडम, हजेरीपट द्या," एवढंच. तिने कुणाला काही सांगितलं नाही, कारण पीटीच्या सरांकडून मला एकही टोमणा आला नाही. असं सात महिने चाललं.

मग मी पुन्हा फेरीला गेले. का, ते तेव्हा मला सांगता आलं नसतं. मागे उभी राहिले. माडीवर आता एक म्हातारी खाटेवर बसली होती, खाला, कल्याणहून परत आलेल्या. आणि शेजारी माईक लावून उभी असलेली माझी मैत्रीण माझ्या आईची गोष्ट सांगत होती. टोपली, दोरी, कूस. मी सांगितली त्यापेक्षा कितीतरी चांगली. शेवटी म्हणाली, "ही बाई मोठ्याने गायची. लूमच्या आवाजात खाली कुणाला ऐकू जाणार नाही, म्हणून मोकळ्या गळ्याने. ऐकायच्या फक्त या खाला. दारामागून."

माझी आई गात नसे. घरी तिने कधी साधी ओवीसुद्धा म्हटली नाही. मी खालांकडे बघितलं. त्या मान हलवत होत्या.

लोक उतरून गेल्यावर मी तिच्याजवळ गेले. "काय गायची?"

"खालांना शब्द आठवत नाहीत. मला वाटलं तुम्हाला ठाऊक असेल."

"नाही."

माझ्या आईचंही काहीतरी तिच्याकडे होतं आणि माझ्याकडे नव्हतं. इतकी जळले मी त्या क्षणी की तेच तोंडातून बाहेर पडलं. "तो मेसेज मी मुद्दाम खोटा पाठवला होता. आणि त्या दिवशीही खोटंच बोलले."

"माहीत आहे मला."

"तू इतकं छान सांगतेस ना, ते मला बघवत नव्हतं."

ती झाकण लावत होती. बराच वेळ फळी नीट बसवत राहिली. "मला सांगून काय उपयोग, मॅडम?" ती म्हणाली. "मला कुठे शंका होती? त्या दिवशी जी माणसं इथे उभी होती ना, त्यांना सांगा."

ती माणसं कोण, कुठली, मला माहीत नाही. ठाण्याची होती, दादरची होती, एक काका होते पांढऱ्या टोपीतले. म्हणून इथे लिहिते आहे. तुम्ही त्यांच्यातले असाल, तर तिची गल्लत झाली नव्हती. तिने खात्री केली होती, घरात कुणी नव्हतं म्हणून मला विचारून, कारण मी इथली होते आणि तिची ताई होते. खोटं मी सांगितलं. हेवा अजून गेलेला नाही, तोही लिहून ठेवते. पण चूक तिची नव्हती.