नजरेआडची फडकी

पॉलिशवाल्या काकूंना राग यायचा तो दुधासारखा. हळूहळू वर चढायचा, आणि उतू जाणार एवढ्यात त्या स्वतःच गॅस बंद करायच्या. नवऱ्याच्या बाबतीत त्यांनी असंच केलं, सुनेच्या बाबतीतही. पण त्या वर्षी दूध उतू गेलं, आणि जायलाच हवं होतं.

काकू फर्निचरच्या कारखान्यात कामाला होत्या. पुढे दुकान, बाजूला लांबलचक शेड, मागे अंगण आणि फाटकापाशी राखणदाराची एवढीशी खोली, असा तो कारखाना. सुतारांनी टेबल रंधून गुळगुळीत केलं की ते काकूंच्या ताब्यात यायचं. जवसाचं तेल फडक्यावर घ्यायचं, लाकडात मुरेपर्यंत चोळायचं, वाळू द्यायचं, पुन्हा चोळायचं. एका मोठ्या टेबलापायी टोपलीभर फडकी तेलात माखायची. काकूंचे तळवे असे तुकतुकीत झाले होते की लेक म्हणायची, आई, तुझ्या हातांनाच गिऱ्हाईक येईल.

हे काम त्यांना म्हाताऱ्या मिस्त्रींनी शिकवलं. मिस्त्री आता हयात नव्हते, पण त्यांचा एक नियम काकूंच्या अंगात भिनला होता. संध्याकाळी घरी निघण्याआधी प्रत्येक फडकं झटकून मागच्या अंगणातल्या तारेवर सुटं सुटं पसरायचं. एक फडकं दुसऱ्यावर आलेलं दिसलं तरी मिस्त्री करवादायचे. का, ते कधी सांगितलं नाही. त्यांना तरी माहीत होतं की नाही, कोण जाणे. त्यांचे गुरू त्यांच्यावर ओरडले असतील, म्हणून ते काकूंवर ओरडत. ओरडा असा वारसाहक्कानं चालत आला होता आणि त्यात कुणाचंच काही बिघडलं नव्हतं.

मग धाकटे मालक आले. थोरल्या मालकांचे हे चिरंजीव, अंगाला अत्तर आणि बोलण्यात घाई. त्यांनी दुकानाची मागची भिंत पाडून तिथे काच बसवली. काचेतून पलीकडचं सगळं दिसू लागलं आणि त्यात पहिली दिसली ती काकूंची तार. मालकांनी तोंड वाकडं केलं. भिकाऱ्याचं धुणं वाळत घातल्यासारखं दिसतंय म्हणाले, आणि एक मोठं गिऱ्हाईक भेटायला येणार होतं त्या दिवशी तार काढून टाकली. फडक्यांसाठी शेडमधल्या जिन्याखाली लाकडी खोका दिला. काकूंनी एकदा म्हणून पाहिलं की मिस्त्रींना हे चाललं नसतं. मालक म्हणाले, मिस्त्री गेले, आता मी आहे. गिऱ्हाइकाचं बारा खुर्च्यांचं टेबल त्याच दिवशी पॉलिश झालं होतं. काकूंनी सगळी फडकी खोक्यात दाबून भरली आणि घरी गेल्या.

त्या रात्री कारखाना जळाला.

राखणदार होते काकूंचे सख्खे थोरले भाऊ, दादा. ही नोकरी त्यांना काकूंनीच मिळवून दिली होती. बायको गेल्यावर दादा फाटकाजवळच्या त्या खोलीत एकटे राहायचे, आणि रात्री दोनदा आवाराला फेरी मारायचे. आग त्यांनीच पाहिली, बंबवाल्यांना त्यांनीच बोलावलं, आणि बंब येईपर्यंत आत घुसून खुर्च्या बाहेर ओढत राहिले. उजवा हात मनगटापर्यंत भाजला. सकाळी मालक आले, अजून धुमसणाऱ्या लाकडांसमोर उभे राहिले, दादांच्या हाताला बांधलेल्या पट्टीकडे पाहिलं, आणि आजूबाजूला जमलेल्या चारचौघांना म्हणाले, "याची सिगारेट. दुसरं काय असणार?"

बस, एवढंच. दादा एकेकाळी सिगारेट ओढायचे, हे खरं. बायकोला दम्याचा त्रास झाला तेव्हा त्यांनी ती सोडली, तिच्यामागेही पुन्हा धरली नाही. पण आधी ओढायचे एवढं लोकांना पुरलं. दुपारपर्यंत गल्लीत, संध्याकाळपर्यंत बाजारात, दादांची सिगारेट सगळ्यांनी आपापल्या डोळ्यांनी पाहिलेली होती. मालकांनी दादांना काढलं, खोली रिकामी करवून घेतली, आणि दादा एक पेटी घेऊन बहिणीच्या घरी आले.

काही दिवसांनी विमा कंपनीच्या तपासनीस बाई आल्या. केस आखूड, पायात जाड बूट. त्यांनी राखेत काठीनं चाळवाचाळव केली आणि सगळ्यांत जास्त वेळ जिन्याच्या जागेपाशी थांबल्या. तिथली फरशी तडकली होती. इथे काय होतं, असं त्यांनी विचारलं. काकूंनी खरं ते सांगितलं: खोका, त्यात तेलाची फडकी, कुठलं तेल, किती टेबलांची. बाईंनी मान हलवली आणि अर्ध्या जळलेल्या बाकावर काकूंच्या शेजारी येऊन बसल्या. मालकही तिथेच उभे होते. हे मुद्दाम सांगायचं, कारण पुढे त्यांना ते आठवेनासं झालं.

बाई म्हणाल्या, याला स्वयं-ऑक्सिडीकरण म्हणतात. काकूंनी तो शब्द त्यांच्याकडून पुन्हा म्हणवून घेतला आणि मग सोडवून मागितला. बाईंनी सोडवला. पाणी वाळतं म्हणजे उडून जातं. हे तेल उडून जात नाही; ते हवेतला ऑक्सिजन आत ओढून घेतं. मग तेलाचे कण एकमेकांचे हात धरतात, साखळी करतात आणि घट्ट होतात. लाकडावर जो पापुद्रा धरतो तो हाच. हे होताना ऊब निघते. फडकं तारेवर पसरलेलं असेल तर ऊब वाऱ्यावर निघून जाते, कुणाला कळतही नाही. दाबून भरलेल्या ढिगात तिला बाहेर पडायला वाट नसते. ती आतल्या आत वाढते, ऊब वाढली की तेल आणखी जोरात ऑक्सिजन ओढतं, आणि शेवटी कापड पेटतं. काडी लागत नाही, ठिणगी लागत नाही. कधी दिवस जातो, कधी काही तासच.

इतकी वर्षं लाकडावर चढणारा तो पापुद्रा काकू रोज बघत होत्या, आणि तेल वाळतं म्हणजे कुठेतरी उडून जातं असंच त्यांना वाटत होतं. मिस्त्रींचा ओरडा कशासाठी होता ते त्यांना आज, त्या बाकावर, कळलं. त्यांना रडू आलं आणि हायसंही वाटलं. चला, दादा सुटला.

पण दादा सुटले नाहीत. विमा मंजूर झाला, नवे पत्रे चढले, नवी काच बसली, फाटकावर नवा राखणदार आला. काकूंना कामावर बोलावलं, कारण असा हात दुसऱ्या कुणाचा नव्हता. दादांचं नाव मात्र कुणी काढलं नाही. उलट, लाकडाचा व्यापारी आला तेव्हा मालक त्याला सांगत होते की राखणदार बेजबाबदार निघाला, ओढायचा. काकूंनी हे स्वतःच्या कानांनी ऐकलं. व्यापारी जाताच त्या हातातलं फडकं ठेवून मालकांसमोर उभ्या राहिल्या. विम्याच्या बाईंनी तुमच्यासमोर काय सांगितलं, असं विचारलं. मालक हसले.

"अहो काकू, ते विम्याच्या कामापुरतं. लोकांना मी ऑक्सिडीकरण कुठे समजावत बसू? सिगारेट म्हटलं की पटकन कळतं."

काकूंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. म्हणजे शब्द याला माहीत होता. विमा मिळवताना तोच शब्द चालला, आणि माणसाच्या तोंडाला फासलेलं काळं पुसायचं म्हटलं तर तो शब्द जड. समजवायला वेळ नाही. एका म्हाताऱ्याची अब्रू गेली ती याच्या वेळेत बसत नव्हती म्हणून.

घरी आल्या तर त्याहून वाईट वाढून ठेवलेलं. दादा खिडकीपाशी जुन्या कोटाचे खिसे उलटे करून बघत होते. हे ते रोजच करायला लागले होते. राखणदाराच्या कामासाठी दोन ठिकाणी विचारलं होतं. दोन्हीकडे लोकांनी त्यांच्या हाताकडे पाहून जागा भरल्याचं सांगितलं.

"असेल गं चिमणे, माझीच," दादा म्हणाले. साठीच्या बहिणीला ते अजून चिमणी म्हणत. "वय झालं. कुठूनतरी एखादी घेतली असेन, ओढली असेन, विसरलो असेन. एवढे लोक म्हणतात ते काय खोटं?"

काकूंनी त्यांना बाईंचा शब्द सांगितला. तेल, ऑक्सिजन, साखळी, ऊब. दादांनी लहान मुलीचं ऐकावं तसं ऐकून घेतलं. म्हणाले, कापड आपोआप कसं पेटेल? तू माझी बहीण आहेस, तू असंच म्हणणार.

काकूंनी ताट वाढलं आणि स्वतः जेवल्या नाहीत. नोकरी गेली ती गेली. खोली गेली, तीही सोसता आली असती. पण जे केलं नाही ते आपण केलं असं स्वतःलाच वाटायला लागावं, हे कुठल्या न्यायात बसतं?

नव्या दुकानाच्या उद्घाटनाला मालकांनी बरीच माणसं बोलावली होती. आजूबाजूचे दुकानदार, व्यापारी, जुनी गिऱ्हाइकं, आणि गल्लीतली ती मंडळी, ज्यांनी सिगारेट पाहिली होती. काकू सकाळीच आल्या. मधल्या मोठ्या टेबलाला त्यांनी शेवटचं तेल दिलं, नेहमीपेक्षा जास्त फडकी वापरली. मग एक मोठी पत्र्याची बादली नव्या अंगणाच्या मधोमध, उन्हात, विटांवर ठेवली आणि सगळी फडकी तीत दाबून भरली. शेजारी पाण्याच्या दोन बादल्या. आणि एका खुर्चीवर दादा. दादांना आणताना नाकी नऊ आले होते. भाजलेला हात त्यांनी खिशात घातला होता. काकूंनी तो बाहेर काढायला लावला आणि मग सगळे खिसे सगळ्यांसमोर उलटे केले. एक रुमाल आणि एक किल्ली निघाली, जी आता कुठल्याच कुलपाला लागत नव्हती.

मालक धावत आले. हे काय मांडलंय, उचला.

"तुम्ही नजरेआड ठेवायला सांगितलं होतं," काकू म्हणाल्या. "आज नजरेसमोर ठेवलंय."

पाहुण्यांसमोर तमाशा नको म्हणून मालक दातओठ खात आत गेले. माणसं येत होती, चहा घेत होती, काचेतून बाहेर बघत होती. काहीच होत नव्हतं. कोणीतरी विचारलं, काकू, बादलीत काय उबवताय, पिल्लं कधी निघणार? लोक हसले. सुतारांनी मान खाली घातली. ऊन कलायला लागलं. नाही झालं तर? बाईंनी कधी दिवस जातो असंही सांगितलं होतं. दादा पुटपुटले, चल चिमणे, घरी जाऊ, हसं झालं तेवढं पुरे.

उठता उठता आधारासाठी म्हणून त्यांनी हात टेकला तो बादलीतल्या फडक्यांवर, आणि ते तसेच वाकलेले राहिले. मग त्यांनी हात आणखी आत खुपसला.

"गरम आहे," दादा म्हणाले.

उन्हानं असेल, कोणीतरी म्हणालं. दादांनी मान हलवली. "वर गार आहे. आत गरम आहे." आणि एकदम हात मागे घेतला, जसा चुलीवरून घेतात. कडवट, जुन्या तेलाचा वास सुटला. चहाचे कप हातात धरून माणसं अंगणात आली. थोड्या वेळानं ढिगातून धुराची एक बारीक रेघ वर आली, मग दुसरी. मधलं फडकं तपकिरी झालं, मग काळं, आणि कडेनं लाल होत गेलं. हसणारं कोणी उरलं नाही. काकूंना लोकांकडे बघायचंच नव्हतं. त्या दादांच्या तोंडाकडे बघत होत्या.

दादा रडत होते. "मी नव्हतो गं," ते म्हणाले, जणू काकूंनाच पटवून द्यायचं होतं.

मालक हुशार माणूस. वारा कुठला ते त्यांना लगेच कळलं. पुढे येऊन मोठ्यांदा म्हणाले, "बघा, मी तेच म्हणत होतो. स्वयं-ऑक्सिडीकरण. स्वयं म्हणजे आपोआप. यात कुणाचाच दोष नाही. विषय संपला."

आता कुठे दूध खरं उतू गेलं. काकूंनी पाण्याची बादली उचलली आणि ढिगावर ओतली; फसकन वाफ उठली, थोडं पाणी मालकांच्या बुटांवरही गेलं.

"ऊब आपोआप होते, मालक," त्या म्हणाल्या. "ढीग आपोआप होत नाही. फडकी मी भरली, तुमच्या सांगण्यावरून. तार तुम्ही काढलीत. आणि सिगारेटचं तर कुठल्याच तेलानं सांगितलं नव्हतं, ते तुम्ही सांगितलंत. आता या सगळ्यांसमोर तेवढं परत घ्या."

मालकांनी इकडेतिकडे पाहिलं. लाकडाचा व्यापारी त्यांच्याकडेच बघत होता. मग ते बुटांकडे बघत म्हणाले, की सिगारेट नव्हती. माफी मागितली नाही. तशी त्यांनी कधीच मागितली नाही, आणि काकूंनी त्यांना कधी माफ केलंही नाही. गर्दी पांगायच्या आत मालकांनी दादांना कामावर परत या असं सांगितलं, तेही अर्धं काचेकडे तोंड करून.

दादा म्हणाले, "आधी तार."

सुतारांनीच ती बांधली, नव्या काचेच्या अगदी समोर. काकूंनी बादलीतली ओली, करपलेली फडकी एकेक करून पिळली आणि झटकून सुटी सुटी पसरली. दादा भाजल्या हातानं चिमटे देत होते. आत पाहुणे टेबलांच्या किमती विचारत होते, आणि प्रत्येक टेबलामागे काचेतून ती फडकी दिसत होती. कोणी ती काढा म्हणालं नाही.