भुकेला चेहरा

ऑर्सोला पिएरान्तोनीची आई रोममध्ये पाद्र्यांचे झगे शिवायची. "कापड मागतं तिथेच काप. धर्मगुरू काय म्हणतात ते ऐकत बसलीस तर झगा गळ्यात यायचा नाही," ही तिची शिकवण. पोरीने झग्यांऐवजी फिल्म कापायला घेतली आणि धर्मगुरूंच्या जागी दिग्दर्शक आले. एवढाच काय तो फरक.

एकसष्ट साली दिग्दर्शक रुज्जेरो वाल्दानी तिच्या संकलनाच्या खोलीत येऊन कोचावर आडवा झाला. त्याचा नायक फाउस्तो भांडण करून नेपल्सला निघून गेला होता. बायकोच्या प्रेताकडे नवरा बघतो, हा शेवटचा प्रसंग घ्यायचाच राहिला होता.

"माझा चित्रपट मेला, ऑर्सोला."

"मग उठा. मढं तुमचं, आणि कोच माझा अडवलाय."

तिने टाकाऊ तुकड्यांची टोपली उपसली. एका तुकड्यात कॅमेरा चुकून चालूच राहिला होता. उशिरा आल्याबद्दल सेटवरच्या स्वयंपाक्याने फाउस्तोला पंगतीत शेवटी बसवलं होतं आणि तो समोरच्या पास्त्याच्या पातेल्याकडे टक लावून बघत होता. ऑर्सोलाने तो तुकडा प्रेताच्या चेहऱ्यानंतर जोडला. वाल्दानीच्या डोळ्यांना धार लागली.

चित्रपट गाजला. एका समीक्षकाने त्या नजरेत देवाचं मौन पाहिलं. वाल्दानी म्हणाला, फाउस्तोकडून हे दुःख काढून घ्यायला आपल्याला अकरा दिवस लागले. फाउस्तोही परत येऊन वर्तमानपत्राला सांगून बसला, की त्या क्षणी त्याला त्याची स्वर्गवासी आई आठवत होती.

चार दिवसांनी ती स्वर्गवासी आई फ्रास्काती गावाहून बस पकडून आली. मुलगा दार उघडेना, म्हणून पत्ता विचारत विचारत ऑर्सोलाकडे पोचली. नाव जेलत्रूदे. कडेवर कोबी.

"माझ्यासाठी कसा रडला तो, जरा दाखव गं बाई."

ऑर्सोलाने यंत्र सुरू केलं. म्हातारी पडद्याला नाक लावून बघत राहिली.

"हा कसला रडतोय? भूक लागलीय मेल्याला. दोन वर्षांचा असल्यापासून हेच थोबाड करतो." मग वळून म्हणाली, "जेवला का मग?"

"शेवटी मिळालं त्याला. तळाचं."

"बरं झालं. मेलेल्या आईच्या पोराला काय, तळाचंही चालतं."

ऑर्सोला हसून हसून टेबलावर पडली. अख्ख्या रोमने तो चेहरा बघितला होता, ओळखला मात्र या एकटीने. त्या दुपारी दोघींनी मिळून कोबी शिजवला.

पुढे वीस वर्षं ऑर्सोला प्रत्येक चित्रपट आधी जेलत्रूदेला दाखवायची. म्हातारीला जिथे डुलकी लागेल तिथे कात्री चालवायची. एकदा वाल्दानी लालबुंद होऊन आला.

"समुद्रकाठचं माझं सात मिनिटांचं चिंतन कुठे गेलं?"

"जेलत्रूदे घोरली."

"तिला कलेतलं काय कळतं?"

"काहीच नाही," ऑर्सोला म्हणाली, "पण तिकीट काढणाऱ्यांनाही नाही कळत."

वाल्दानी तणतणत जिना उतरला. पुढच्या चित्रपटाची रिळं घेऊन मात्र तिच्याकडेच आला, आणि येताना म्हातारीसाठी आठवणीने कॉफी घेऊन आला. चांगली कडक.