तिळगुळानं घालवलेली खुर्ची

आमच्या घरात अमेरिकेची नागरिक आधी मी झाले. आमचे हे नोव्हाय नावाच्या गावी मोटारींच्या कामात, आणि दर रविवारी "दोन वर्षांत परत जायचंय" असं जाहीर करायचे. म्हणून त्यांनी अर्जच केला नव्हता. मला मात्र वर्षभरात फेडरल कोर्टाचं पत्र आलं: ज्युरीवर या. शहाणी माणसं अशा पत्रावर आजारपणं शोधतात. मी फोन फिरवत बसले. इथल्या मराठी मंडळातल्या एका काकूंनी विचारलं, "म्हणजे जज्ज का गं?" मी म्हटलं, "तसंच काहीसं."

बत्तीस वर्षांची होते. अक्कल यायची होती.

खटला एका पोस्टमनवर होता, लोकांची पाकिटं फोडल्याचा. जज्ज साठीचे, पांढऱ्या भुवयांचे. फेडरल जज्जांची नेमणूक तहहयात असते, कुणी सहजी काढू शकत नाही, हे कळल्यावर मला सासूबाईच आठवल्या. बोलणंही तसंच. वकील तेच ते सांगू लागला की म्हणायचे, "मला कळलं, ज्युरीला कळलं. आता तुम्हाला कळेपर्यंत थांबायचं का?"

पहिल्याच दिवशी त्यांनी बजावलं होतं, वकिलांशी एक शब्द बोलायचा नाही. मी जोरात मान डोलावली होती. पण ते झालं बोलण्याचं. देण्याचं कुठे काय म्हणाले होते?

चौथ्या दिवशी संक्रांत होती. मी डबा भरून नेला. दोन्ही वकिलांना दोन दोन लाडू दिले, भेदभाव नको म्हणून अगदी सारखे, आणि "गोड बोला" असंही सांगितलं. एक कारकुनाच्या हाती जज्जसाहेबांसाठी पाठवला. दहा मिनिटांत मला त्यांच्या खोलीत बोलावणं आलं. दोन्ही वकील उभे, टायपिस्ट बसलेली, आणि टेबलावर कागदी रुमालात पाच लाडू, पुराव्यासारखे मांडलेले.

"हे काय आहे?" जज्जांनी विचारलं.

"तीळ आणि ब्राउन शुगर. गूळ मिळाला नाही."

"याच्या बदल्यात तुमची काही अपेक्षा होती?"

मी शपथेवर होते. "हो."

वकिलांचे चेहरे पांढरे पडले. "कसली?"

"तुम्ही गोड बोलावं. आज आमच्याकडे लाडू देऊन सगळ्यांना असंच सांगतात. पण तुम्हाला जास्त गरज आहे."

टायपिस्टची बोटं थांबली. "लिहा," जज्ज तिला म्हणाले, "सगळं लिहा." मग माझ्याकडे वळले. "तुमच्या मनात काही नाही, हे मला दिसतंय. पण तो पोस्टमन वर्षभर झोपलेला नाही. तुम्हाला ठेवलं तर उद्या हा खटला पुन्हा पहिल्यापासून चालवायची वेळ येईल. तुम्ही घरी जा."

माझ्या खुर्चीत राखीव ज्युरर जाऊन बसली. चार दिवस नुसती जांभया देणारी बाई!

घरी काय सांगणार? रविवारी हळदीकुंकू, आणि वीस बायका कोर्टाच्या गोष्टी ऐकायला येणार. दुसऱ्या दिवशी मी नेहमीच्याच वेळी डबा घेतला, "कोर्टाला उशीर होतोय हो!" असं ओरडले आणि गाडी काढली. कोर्ट सगळ्यांना खुलं असतं. मागच्या बाकावर जाऊन बसले. पोस्टमनचा खटला आठवड्यात संपला, तो दोषी ठरला. पण मी मंडळात "महिनाभर चालेल" सांगून बसले होते. मग इतर खटलेही पाहिले. विम्याचे, जमिनीचे, एक तर कुणाच्या गवत कापायच्या यंत्राचा.

शिक्षा सुनावायचा दिवस उजाडला की जज्ज आल्या आल्या चष्मा पुसत बसायचे. पुसलेला चष्मा पुन्हा पुसायचे. पोस्टमनच्या वेळी त्याला तीनदा विचारलं, कळलं का, काही सांगायचंय का. मग शिक्षा सांगितली, कमी नव्हती. गोड नव्हतं ते. पण इतकं हळू होतं, की मागच्या बाकावर मला नीट ऐकूही आलं नाही.

दोन वर्षांनी ह्यांनी एकदाचा अर्ज केला. "परत जायचंय" चालूच होतं. नागरिकत्वाची शपथ द्यायला नेमके तेच जज्ज! शपथ झाल्यावर सगळ्यांशी हात मिळवत ते आमच्यापाशी आले. भुवया वर गेल्या. ह्यांनी छाती फुगवून सांगितलं, "माझी बायको तुमच्या कोर्टात ज्युरीवर होती. अख्खा महिना!"

मी आपली बुटांकडे बघत उभी.

"आठवतंय ना," जज्ज म्हणाले. "महिनाभर रोज वेळेवर येऊन बसायच्या. एक दिवस चुकल्या नाहीत."

शब्द न् शब्द खरा. ह्यांना खरी गोष्ट मी अजून सांगितलेली नाही. हे वाचतील तेव्हा कळेलच.

मग ते जरा वाकून म्हणाले, "आज माझ्यासमोर कुणाचा खटला नाही. पर्समध्ये काही आहे का?"

पर्समध्ये फक्त आवळासुपारी होती. तीच दिली. त्यांनी तोंडात टाकली. डोळ्यांत पाणी आलं, एक भुवई खाली गेली ती वर येईना.

"छान आहे," ते म्हणाले.

त्या कोर्टात त्यांच्या तोंडून मी ऐकलेलं ते एकमेव खोटं विधान.