पब्लिकले पाठ नाही

माझ्या दुकानातून काका कधी सरळ चालत बाहेर पडत नसत. काम झालं की दोन्ही हात जोडायचे आणि तोंड आमच्याकडे ठेवूनच एकेक पाऊल मागे सरकत दार गाठायचे. दाराला एक पायरी आहे. मी कामातून मान वर न करता म्हणायची, "काका, पायरी."

"पब्लिकले पाठ नाही दाखवत, बाई," हे त्यांचं उत्तर. पब्लिक म्हणजे मी, झेरॉक्स मशीन आणि आधार कार्डाची प्रत घ्यायला आलेलं एखादं गिऱ्हाईक.

तरुणपणी ते झाडीपट्टीच्या नाटकांत कामं करत. दिवाळीनंतर मंडईच्या जत्रा भरतात, त्या दिवसांत गावोगावचे मांडव त्यांनी गाजवले होते. मांडवातला पहिला नियम हाच, की मरायचं झालं तरी तोंड लोकांकडे करून मरायचं. नाटकांबद्दल आमच्या पवनीत कुणाचा वाद नव्हता. वाद होता सिनेमाचा. आपल्या बोलीत सिनेमा काढायचं वेड इकडे नवं होतं, तेव्हा वैनगंगेच्या घाटावर एक शूटिंग झालं. त्यात आपण नावाडी होतो, असं काका सांगत. सिनेमा भंडाऱ्यात थोडे दिवस चालला आणि गायब झाला. इथे तो कुणीच पाहिला नव्हता. काकांनीही नाही; मंडईचा हंगाम होता, सवड कुठली.

समोरच्या टपरीवरचा चहावाला त्यांच्याच वयाचा. काका दिसले की तो ओरडायचा, "काहून हिरो, तुमच्या सिनेमाची रीळ अजून धुऊनच राहिले का?" लोक हसायचे, काकाही हसायचे. पण एक दिवस त्यांची नात शाळेतून रडत आली. तुझे आजोबा थापा मारतात, असं पोरी म्हणाल्या होत्या. त्या दिवसापासून काकांनी टपरीवरचा चहा सोडला. तुम्ही आमच्या गल्लीत राहत असाल, तर ही गोष्ट किती गंभीर ते तुम्हाला कळेल.

जुन्या कॅसेटी पेन ड्राइव्हवर करून देण्याचं काम मी करते. भंडाऱ्याच्या एका गिऱ्हाइकाने आणलेल्या ढिगात नेमकी त्या सिनेमाची कॅसेट निघाली, आणि मी ते काकांना बोलून बसले.

"उद्या दुपारी सगळ्यांले बोलावतो," ते म्हणाले. "नातीले बी."

सकाळी शटर अर्धं खाली ठेवून मी आधी एकटीने पाहून घेतलं. काका सापडले नाहीत, तर कॅसेटला बुरशी लागली म्हणून सांगायचं ठरवलं होतं. बुरशी खरंच लागते, त्यामुळे खोटं खपलं असतं. सिनेमा संपत आला तरी काकांचा पत्ता नाही. मग घाट आला. गुडघाभर पाण्यात उभा नावाडी, उघडी पाठ, आणि तोच मांडव भरून टाकणारा आवाज: "उतर खाली माय, पूर हाय, नाव नाही सुटत!"

मी स्टुलावर बसले. हुश्श केलं. मग लक्षात आलं, तोंड दिसतच नाही. कॅमेरा नावेत, हिरोईनही नावेत आणि बघे घाटाच्या पायऱ्यांवर. काकांनी हिरोईनकडे पाठ करून पायऱ्यांवर बसलेल्यांना नावेतून उतरायला सांगितलं होतं. मी तो भाग परत परत पाहिला, पायऱ्यांवरचे चेहरेसुद्धा.

दुपारी दुकान भरलं. घाट आला तसा चहावाला म्हणाला, "हे तर पाठ हाय. कोनाची बी असन."

नातीने काकांचा सदरा धरला. मी चित्र थांबवलं आणि पायऱ्यांवरची पहिली रांग मोठी केली. एक मिशाळ तरणा गडी हिरोईन सोडून नावाड्याकडे आ वासून बघत होता. त्याच्या भुवईवर चामखीळ होती.

चहावाल्याचा हात आपोआप भुवईवर गेला. "अरे, हा तं मीच हाय! आता आठवलं, तुमालेच बघून राहिलो होतो!"

"डायरेक्टर लय ओरडला होता," काका हळूच म्हणाले. "मले वाटलं, शाबासकी देऊन राहिला."

सगळ्यात मोठ्याने हसला तो चहावालाच. "चहा आणतो," म्हणाला, "हिरोले आधी."

काका मागच्या उन्हाळ्यात गेले. पडद्यावर थांबवलेल्या त्या चित्राचा फोटो मी छापून दिला, तो टपरीवर लावला आहे. चहावाला आधी स्वतःचं तोंड दाखवतो, मग पाठ कुणाची ते सांगतो.

मला त्या दुपारचं त्यांचं निघणं आठवतं. चहा संपवून त्यांनी नातीचा हात धरला, वळले आणि आम्हा सगळ्यांकडे पाठ करून ताठ चालत दाराकडे गेले. मी सवयीने म्हटलं, "काका, पायरी."

"दिसून राहिली, बाई," ते मागे न बघता म्हणाले.