यांतीताईंचं रडणं

मी राहते त्या परदेशातल्या योग्याकार्ता शहरातल्या आमच्या शेजारीण यांतीताई लग्नांमध्ये दांगदुत, म्हणजे इथली ठेक्यावरची लोकप्रिय गाणी, गातात. त्यांची आई गेल्यानंतर आठवड्यातच त्यांना एका लग्नात गावं लागलं. गाताना त्या रडल्या, पण गाणं सोडलं नाही. कुणीतरी त्या व्हिडिओला हसण्याचे आवाज जोडले आणि तो देशभर फिरला.

काल पुण्याहून बहिणीनं तोच मला पाठवला. "त्यांची आई गेली होती," मी कळवलं. "अगं, गंमत म्हणून गं," उत्तर आलं. माझं डोकंच फिरलं. दुसऱ्याचा हुंदका आपल्याला आता नुसता पुढे पाठवण्यापुरता लागतो.

संध्याकाळी यांतीताई फाटकाशी भेटल्या. "पुढच्या लग्नाचे यजमान व्हिडिओतल्यासारखंच रडून गा म्हणतात," त्या म्हणाल्या. "मी नाही म्हणून सांगितलं."